बर्फावर उभा मुलगा

ऐली काँगासच्या साऱ्या कवितांचं एक मोठं पुस्तक निघायचं होतं, आणि त्यातली एक कविता ठेवायची की काढायची, एवढ्यावर घोडं अडलं होतं.

प्रकाशकाच्या लेखी हा प्रश्नच नव्हता. "ती कविता काढायची म्हणजे नवरीला घरी ठेवून वरात काढायची," संपादकबाई शिकागोहून फोनवर म्हणाल्या. "लोक तुमचं नाव विसरतात, ऐली, पण तो बर्फावरचा मुलगा विसरत नाहीत."

"तोच तर घोळ आहे," ऐली म्हणाली. "मला शुक्रवारपर्यंत वेळ द्या."

फोन ठेवून ती खिडकीशी उभी राहिली. समोर टॅमरॅक हार्बर गावाची खाडी गोठून पांढरीधोप पडली होती. मासे धरणाऱ्यांची लाकडी खोपटी बर्फावर इथंतिथं मांडलेली, त्यांच्या नळ्यांतून धुराच्या बारीक रेघा निघालेल्या. त्यातलं हिरवं खोपटं तिच्या धाकट्या भावाचं, रुडीचं. तो बर्फावरचा मुलगा म्हणजे रुडीच. आता साठी उलटलेला, गुडघे धरणारा, रस्त्यावरचा बर्फ लोटणाऱ्या गाड्या दुरुस्त करण्यात हयात घालवून निवृत्त झालेला. या घटकेला तो त्या खोपट्यात, गिरमिटानं पाडलेल्या भोकात गळ सोडून बसला असणार. त्याच्याकडं जायचं आणि विचारायचं, बाबा रे, ती कविता तुला खुपते का? एवढंच. पण एवढं विचारायला ऐलीला अर्धं आयुष्य पुरलं नव्हतं.

कवितेचं नाव 'मार्चमधला बर्फ'. बाप लाकडाच्या वखारीत कामाला. रविवार, लख्ख ऊन. बर्फ आता कुजत चाललाय, जाऊ नका, असं आई म्हणते. पण धाकटा मुलगा हट्टाला पेटतो: एकदाच जाऊ, शेवटचं. बापाचं मन मोडत नाही. मुलाला काठाजवळ थांबवून बाप स्लेज, बर्फावरची घसरगाडी, ओढत पुढं जातो, आणि बर्फ त्याला पोटात घेतो. कवितेत रडारड नाही, कुणाला दोष नाही. एक मुलगा उभा आहे, बस्स.

हे सगळं त्यांच्याच घरात घडलेलं. आणि घडल्यावर त्या घरात कुणी शब्द काढला नाही. काँगास मंडळी मूळची फिनलंडची, फिनिश, आणि फिनिश घरात माणूस गेला की त्याच्याबद्दलचं बोलणंही बूट-कोटासारखं बांधून माळ्यावर जातं. आईनं खुर्ची हलवली, टेबल भिंतीला लावलं आणि पाव भाजायला घेतला. ऐली तेव्हा चौदा वर्षांची होती, रुडी दहाचा.

पुढं ऐली शिष्यवृत्तीवर शिकायला गेली आणि कवी होऊन बसली. कवी होणं म्हणजे काय, तर एका कॉलेजात वर्षभर शिकवायचं, मग दुसरं कॉलेज शोधायचं. संसार गाडीच्या डिकीत. ओहायो, कॅन्सस, आयडाहो. ग्रंथालयाच्या तळघरात कवितावाचन, समोर पाचसहा डोकी, त्यातलं एखादं नुसतं उबेला आलेलं. एक नवरा झाला, चांगला होता, सॅक्सोफोन वाजवायचा. दोघांच्या दोन वाटा कधी झाल्या ते दोघांनाही कळलं नाही. आणि मग 'मार्चमधला बर्फ' छापून आली. बक्षीस मिळालं, शाळेच्या पुस्तकात गेली, पक्की नोकरी लागली. कुठंही वाचायला उभी राहिली की मागून कुणीतरी म्हणायचंच, "तो मुलगा! तो मुलगा वाचा!" ऐली वाचायची. टाळ्या पडायच्या. आणि दर वेळी तिला वाटायचं, आपण आपल्या भावाला पुन्हा एकदा तिथं नेऊन उभं केलं.

पहिलं पुस्तक तिनं रुडीला पाठवलं होतं. फोनवर वहिनी, जोआन, म्हणाली, "वाचतोय गं. टेबलाशी बसून वाचतोय." त्यानंतर शब्द नाही. नाताळात दरवर्षीसारखा धुरावलेला ट्राउट मासा मात्र कागदात गुंडाळून आला. ऐलीनं त्या गप्पपणाचा अर्थ लावला: दुखावलाय. आणि तो अर्थ इतकी वर्षं उराशी धरून बसली. निवृत्त झाल्यावर गावी परतून भावाच्या घरापासून हाकेच्या अंतरावर घर घेतलं, शनिवारी त्यांच्याकडच्या सौनाला, म्हणजे वाफेच्या न्हाणीला, जायला लागली, वेलदोड्याचा पाव कॉफीत बुडवून खायला लागली. पण त्या कवितेचं नाव दोघांमध्ये निघालं नाही.

बुधवारी दुपारी ग्रंथालयात ऐलीचा कवितेचा वर्ग असायचा. वर्ग म्हणजे एक लांबट टेबल, एक कॉफीचं भांडं आणि दोन कायमचे मेंबर. एक मिसेस ट्रेविथिक. ऐंशीच्या घरातल्या, गावातल्या शाळेत उभा जन्म शिकवलेल्या, त्यामुळे गावातली निम्मी माणसं त्यांना अजून 'बाई'च म्हणत. दुसरा लिओ पेल्की. बर्फ लोटायची गाडी चालवायचा आणि लांडग्यांवर यमकं जुळवायचा.

वर्गाचे नियम दोनच, देशभरात कवितेच्या वर्गांत असतात तेच. पहिला, ज्याची कविता टेबलावर आली त्यानं चर्चा संपेपर्यंत तोंड उघडायचं नाही. काही समजावून सांगायचं नाही, रडायचं नाही, भांडायचं नाही. दुसरा, कवितेत 'मी' असला तरी कुणी 'तू' म्हणायचं नाही. 'कवितेतला माणूस' म्हणायचं. मागच्याच आठवड्यात लिओनं घटस्फोटावर कविता आणली, तेव्हा त्याच्या आधीच्या बायकोला चांगलं ओळखणाऱ्या मिसेस ट्रेविथिक चष्मा पुसत म्हणाल्या होत्या, "कवितेतल्या नवऱ्यानं अधूनमधून भांडी घासली असती, तर कवितेतली बायको टिकली असती." लिओ टोमॅटोसारखा लाल झाला, पण नियम म्हणजे नियम. ब्र काढला नाही.

त्या बुधवारी ऐली वर्गाला आली ती मनात ठरवूनच. कविता काढून टाकायची. विचारायचं धाडस नाही, तर निदान खुपणारी गोष्ट तरी पुढच्या पुस्तकात नको. संध्याकाळी शिकागोला फोन करायचा आणि मोकळं व्हायचं.

दार उघडलं. रुडी आत आला. त्यानं बूट आपटून बर्फ झाडला, टोपी काढली, परत घातली.

"काय रे? जोआन बरी आहे ना?" ऐली उठलीच.

"तिला काय धाड भरलीय." तो टेबलाकडं बघत होता. "मी पण बसलो तर चालेल का?"

"वर्गात?"

"का, परीक्षा द्यावी लागते?"

"बस बस," लिओनं खुर्ची ओढली. "पण कविता आणावी लागते, बरं का. फुकट कॉफी नाही मिळत इथं."

रुडीनं जाकिटाच्या आतून घडी केलेले कागद काढले आणि एकेक सगळ्यांपुढं सरकवला. "आणलीय. माझी नाही. हिची."

ऐलीनं वरची ओळ पाहिली आणि कागद पालथा घातला.

"रुडी, ऐक, ही आज नको. मी तुला स्वतःच सांगणार होते, मी ती…"

"नियम!" लिओनं पेन्सिल टेबलावर आपटली. "जिची कविता तिनं तोंड उघडायचं नाही. मला गप्प बसवलं होतंस ना परवा? आता बस."

"पण हे वेगळं आहे…"

"ऐली," मिसेस ट्रेविथिक म्हणाल्या, "नियम तुझाच आहे."

ऐली खाली बसली. आयुष्यभर तिनं हा नियम शेकडो पोरांना लावला होता. तो इतका घट्ट आवळतो, हे ती विसरून गेली होती.

मिसेस ट्रेविथिकनी कविता मोठ्यानं वाचली. शिक्षिकेचा आवाज, प्रत्येक शब्द धुऊन वाळत घातल्यासारखा स्वच्छ.

*बाप पुढं, मुलगा मागं,*
*मधे बर्फाचा करडा रंग.*
*मुलगा म्हणतो, एकदाच जाऊ,*
*हिवाळ्याचा निरोप घेऊ…*

आणि शेवटी,

*बाप नाही. स्लेज नाही.*
*वाऱ्याला आवाज नाही.*
*मुलाच्या हाती थर्मास आहे,*
*कॉफी अजून गरम आहे,*
*आणि तो उभा आहे.*
*अजून उभा आहे.*

वाचून झालं. कॉफीचं भांडं फुसफुसलं. लिओनं उगाच कान खाजवला. कविता कुणाची, कुणावरची, हे टेबलाशी बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक होतं.

"तर," रुडी म्हणाला, आणि थांबला. मग म्हणाला, "मी जेव्हा…"

"'मी' नाही म्हणायचं," मिसेस ट्रेविथिकनी हळूच थांबवलं. "कवितेतला मुलगा म्हणायचं."

रुडीनं त्यांच्याकडं पाहिलं. "म्हणजे, तो मी नाहीच?"

"इथं नाही. तो कवितेतला. तुला जसा दिसतो तसा सांगायचा."

"असं होय!" रुडीनं टोपी काढून टेबलावर ठेवली. आणि ऐलीला जाणवलं, त्याचे खांदे इंचभर खाली आले. "हे बरंय. हे जमेल."

मग जन्मात चार वाक्यं सलग न बोललेला तिचा भाऊ बोलायला लागला.

"पहिलं म्हणजे, थर्मास नव्हता. डबा होता, सँडविचचा. पण थर्मास चांगलाय. ठेव. डब्यात काय दम नाही."

लिओ फस्सकन हसला.

"दुसरं. कवितेतला मुलगा आहे ना, त्याला वाटायचं, आपण हट्ट केला हे कुणालाच माहीत नाही. आई बाहेर दोरीवरचे कपडे काढत होती, बहीण वरच्या खोलीत. म्हणजे हे एकट्यानं गिळायचं. दगड गिळतात तसं. शाळेत जायचं तर दगड घेऊन, कामावर जायचं तर दगड घेऊन. लग्नात नाचला तेव्हाही तो होताच. आणि मग एक दिवस छापून आलं. सगळं. हट्टासकट. बहिणीनं वरून ऐकलं असणार." त्यानं कागदावर बोट ठेवलं. "त्या मुलानं म्हटलं, झालं, आता गाव तोंड फिरवणार. दुसऱ्या दिवशी तो हार्डवेअरच्या दुकानात गेला. मुलगा म्हणजे, मोठा झाला होता आता, मिशा होत्या. दुकानदारानं त्याला खिळे दिले. नेहमीसारखे. वर विचारलं, काय रे, मासा लागतोय का? बस्स. एवढंच. तो बाहेर आला, गाडीत बसला आणि पोटात हात घालून बघितलं, तर दगड नाही. पार विरघळलेला."

ऐलीनं हातातली पेन्सिल मोडली. ते कुणी पाहिलं नाही, किंवा पाहून न पाहिल्यासारखं केलं. तिच्या ओठांवर शब्द येऊन थडकत होते आणि नियम त्यांना परत आत ढकलत होता.

"मग कविता चांगली आहे म्हणायची," लिओ म्हणाला.

"चांगलीच आहे. मी कुठं नाही म्हणतो? पण शेवट चुकलाय."

"का बरं?" मिसेस ट्रेविथिकनी विचारलं. "गाजलेला शेवट आहे हो तो."

"गाजला असेल, बाई. माझ्या नातीला शाळेत ही कविता आहे…"

"कवितेतल्या मुलाच्या नातीला," लिओनं दुरुस्ती केली.

"हो रे बाबा, त्याच्या नातीला. ती परवा घरी आली आणि म्हणाली, आजोबा, मुलगा तिथं उभा आहे. मग तो घरी कसा आला?" रुडीनं हाताचे तळवे वर केले. "आता काय सांगू? मी म्हणजे, तो काय सांगेल? कवितेत तर तो अजून तिथंच आहे. इतकी वर्षं. लोक येतात, वाचतात, टाळ्या वाजवतात आणि आपापल्या घरी जातात. त्याला थंडी वाजते हो. आणि खरं तर त्याला न्यायला माणूस आलं होतं."

रुडीनं तो कागद घडी करून बाजूला ठेवला.

"बहीण आली होती. खिडकीतून दिसलं असेल तिला. धावत आली, लाल टोपी होती डोक्यावर. एका पायात आईचा बूट, एका पायात बापाचा, घाईत जे हाताला लागलं ते. बापाचा बूट इतका मोठा, की चालताना पाऊल पुढं आणि बूट मागं. ती काही बोलली नाही. ए का केलंस, असं म्हणाली नाही. तिनं त्याच्या हातातला डबा घेतला… थर्मास, थर्मास… आणि हात धरला. घरापर्यंत हात सोडला नाही. स्वयंपाकघरात आल्यावर पण सोडला नाही. जेवलो आम्ही तसेच, एकेका हातानं." त्यानं टोपी उचलली. "कवितेत ती कुठंच नाही. ती कुठं गेली, एवढंच मला विचारायचंय. शेवटात ती हवी."

ऐलीच्या डोळ्यांपुढं दुसरंच एक टेबल आलं, विद्यापीठातलं, बारातेरा हुशार पोरांनी वेढलेलं. ती कविता तेव्हा लांब होती. शेवटी बहीण होती, घर होतं, दिवा होता. "गोड झालाय शेवट," एक जण म्हणाला होता. "कवयित्रीनं स्वतःच्याच गळ्यात हार घातलाय," दुसरा. ऐली नियमाप्रमाणं गप्प होती, आणि घरी जाऊन तिनं बहिणीला कापून टाकलं होतं. मुलगा तेवढा ठेवला. कापल्यावर कविता लखलखली, हेही खरंच. पुढं तिनं आपल्या विद्यार्थ्यांना तेच शिकवलं: आपण आपल्या कवितेत चांगलं दिसायचं नाही. मात्र असं कापताना तो पोरगा एकटाच बर्फावर राहतो, हे तिच्या कधी ध्यानातच आलं नव्हतं. बूट तर ती साफ विसरली होती.

मिसेस ट्रेविथिक चष्मा काढून बसल्या होत्या. "कवितेतला मुलगा नंतर शाळेत आला," त्या म्हणाल्या. "खिडकीशी बसायचा. त्याची बाई तेव्हा नवी होती, पोरगीच. तिनं त्याला काही विचारलं नाही. विचारायला हवं होतं."

"असू द्या, बाई," रुडी म्हणाला. "गणितात पास केलंत ना. तेवढं पुष्कळ झालं."

चर्चा संपली की कवीला बोलायची मुभा असते. तिघंही ऐलीकडं वळली.

"थँक्यू," ती म्हणाली.

"एवढंच?" लिओ म्हणाला. "मी तर परवा अर्धा तास बोललो असतो!"

"म्हणूनच तुझी कविता तशी आहे," मिसेस ट्रेविथिक म्हणाल्या, आणि सगळे खो खो हसायला लागले. ऐली सर्वांत जास्त हसली, डोळ्यांतून पाणी येईस्तोवर. आणि मग ते पाणी कशाचं, हे तिनंही विचारलं नाही.

बाहेर रुडी गाडीच्या काचेवरचा बर्फ खरवडत होता, तिथं तिनं त्याला गाठलं.

"इतकी वर्षं का नाही बोललास रे? मला वाटायचं, तू रागावलायस."

"तू कुठं विचारलंस?"

"मला भीती वाटायची."

"मग?" रुडीनं खरवडणं थांबवलं नाही. "मला वाटायचं, तुला ते न्यायला येणं आठवतच नसेल. नाहीतर लिहिलं असतंस. सगळं तर लिहितेस तू. माझ्या कुत्र्यावर लिहिलंस."

"लिहिलं होतं. कापलं."

"का?"

"गोड वाटलं म्हणून."

रुडीनं तिच्याकडं असं पाहिलं, जसं तो चुकीचं तेल भरून बिघडवलेल्या इंजिनाकडं पाहायचा. "तुम्हा शिकलेल्यांचं काही खरं नाही," तो म्हणाला. "बस गाडीत. गोठशील."

शुक्रवारी ऐलीनं शिकागोला कळवलं: कविता राहील, शेवट बदलेल. संपादकबाईंचा आवाज चढला. "अहो, तो शेवट पोरांना तोंडपाठ आहे! परीक्षेत विचारतात! समीक्षक म्हणतील, म्हातारपणी हळवी झाली."

"म्हणू देत. झालेच आहे," ऐली म्हणाली. आणि असं म्हणताना तिला इतकं हलकं वाटलं, की ती फोन कानाशी धरूनच स्वयंपाकघरात एक गिरकी मारून आली. इतक्या वर्षांचा हिवाळा अंगावरून उतरला, जाकीट उतरतं तसा.

शनिवारी रुडीच्या घरामागचा सौना पेटला. नेहमीप्रमाणं आधी बायका, मग पुरुष. ऐली आणि जोआन न्हाऊन, लालबुंद होऊन बाहेरच्या खोलीत बाकावर टेकल्या, अंगातून वाफा निघत असलेल्या. रुडी आत गेला. लाकडी दार लागलं. तापल्या दगडांवर पाणी पडल्याचा आवाज आला.

"रुडी," ऐलीनं दाराशी तोंड नेलं. "ऐकू येतंय का?"

"येतंय. काय झालं, टॉवेल नाही सापडत?"

"शेवट झालाय. म्हणू?"

आत बाक करकरलं. "म्हण की."

जोआननं कंगवा खाली ठेवला. ऐलीनं कपाळ दाराच्या कोमट लाकडाला टेकवलं आणि हळूहळू म्हटलं, दळताना बायका म्हणतात तसं, एकेक ओळ दाण्यासारखी सोडत:

*मग बर्फावरून आली टोपी लाल,*
*दोन पायांत दोघांचे बूट.*
*बोल लावला नाही, पुसलं नाही,*
*थर्मास घेतला, धरली मूठ.*
*चल, म्हणाली. आई पाव भाजतेय.*
*आणि मुलगा चालू लागला.*

जोआननं ऐलीच्या पाठीवर हात ठेवला. मग दगडांवर भरपूर पाणी पडलं, भसाभसा, आणि वाफेच्या त्या गोंगाटात कुणीतरी जोरात नाक शिंकरलं.

"चांगलंय?" ऐलीनं विचारलं.

"बूट बरोबर आलेत," आतून आवाज आला. "परत एकदा म्हण. सावकाश म्हण जरा."

ऐलीनं परत म्हटलं.